उतरत्या भट्टीचा नैवेद्य

संत्र्यांच्या बागांमध्ये वसलेलं एक गाव होतं आणि त्या गावाला एक भट्टी होती. भट्टी देवीच्या मालकीची, पण चालवायची पंचफुलाबाई. सकाळी आधी पाव, पावांमागून टोस्ट आणि आच उतरू लागली की नानकटाई, असा तिचा क्रम. दिवाळीत गावातल्या बाया रवा, साखर, तूप डब्यांत भरून तिच्या दारात रांग लावायच्या. पंचफुला कष्टाळू होती, हाताची चोख होती आणि जिभेची जरा तिखट होती. नानकटाई जळली तर ती कुणाला दोष द्यायची नाही. जळलेली स्वतः खायची आणि पुन्हा पीठ मळायची.

त्या गावाची एक रीत होती. मार्गशीर्षात देवीची जत्रा भरे. त्या दिवशी भट्टीवालीनं भट्टीत भाजलेला एक पदार्थ साऱ्या गावाला पंगतीत वाढायचा. आवडला नाही तरी कुणी तोंडावर बोलायचं नाही. नको असलेला घास मुकाट्यानं पत्रावळीखाली सरकवायचा. पंगत उठली की भट्टीवालीनं स्वतःच्या हातानं एकेक पत्रावळ उचलायची. कुठल्याच पत्रावळीखाली काही निघालं नाही, तर भट्टी तिच्याकडे राहायची. एका जरी पत्रावळीखाली घास निघाला, तरी भट्टीचं तोंड मातीनं लिंपून टाकायचं. मग पुढच्या जत्रेपर्यंत भट्टी थंड आणि भट्टीवाली पोट भरायला परगावी. जत्रेच्या दिवशी कालवलेल्या मातीचं घमेलं भट्टीशेजारी तयारच असे. ही रीत कुणी घातली हे कुणालाच ठाऊक नव्हतं. ज्याला कधी चार माणसांचा स्वयंपाक करावा लागला नाही, अशाच कुणीतरी घातली असणार.

पंचफुलाला त्या घमेल्याची कधी भीती वाटली नव्हती. ती दरवर्षी खव्याचे रोट करायची. तूप सोडलेले, वेलदोड्याच्या वासाचे. पत्रावळी चाटूनपुसून साफ असायच्या आणि घमेल्यातली माती तशीच वाळून जायची.

त्या वर्षी मात्र पावसाळ्यात गुरांवर साथ आली. गाई अंगानं खंगल्या, दूध आटलं आणि वासरं उभी राहीनात. दिवाळी सरली तरी साथ हटेना, तेव्हा गावातले सगळ्यांत वडीलधारे महादबुवा यांनी देवीच्या पारावर गाव बोलावलं. जत्रेचा महिना सरेपर्यंत जे काही दूध निघेल ते वासरांचं, माणसानं थेंबही तोंडात घ्यायचा नाही, अशी सगळ्या गावानं देवीसमोर शपथ घेतली. दूध नाही म्हणजे दही, तूप, खवा, पनीर काहीच नाही. कुणीतरी विचारलं, "शेजारच्या गावातून इकत आनलं तं?"

महादबुवा म्हणाले, "आज बाहेरचं दूध चालते म्हनलं, तं उद्या घरच्या गाईखाली दूध काढाले कासंडी जाईन."

तेही गावानं मानलं. गावाची गुरं राखणारा गोवारी तर त्याच दिवशी घोंगडी घेऊन गोठ्यात राहायला गेला. वासरं चरायला लागल्याशिवाय घरी येणार नाही, असं तो बायकोला सांगून गेला. गावानं कोरा चहा प्यायला सुरुवात केली आणि तोंडं वाकडी करत का होईना, शपथ पाळली.

पंचफुलानंही हात वर करून शपथ घेतली होती. घरी आल्यावर तिच्या ध्यानात आलं, की आपण आपल्या रोटांवरच पाणी सोडलं आहे. जत्रा तर तोंडावर आली होती.

तिनं कपाळाला हात लावला नाही. घरात काय आहे ते पाहिलं. नुकतंच निघालेलं सोयाबीन होतं. संत्री तर दाराशी सांडत होती. तालुक्याच्या बाजारात एका बाईकडे तिनं एकदा सोयाबीनच्या दुधाचं पनीर पाहिलं होतं. शहरात त्याला टोफू म्हणतात. गावात त्याला नाव नव्हतं, कारण कुणी ते खाल्लंच नव्हतं. पंचफुलानं ठरवलं, यंदा देवीला हेच. संत्र्याच्या रसात मुरवून, गूळ, आलं आणि मिरची घालून, भट्टीत भाजून. गोडही आणि तिखटही.

ठरवणं सोपं होतं. सोयाबीन रात्रभर भिजवलं, सालं काढली, पाट्यावर वाटलं, पाणी घालून गाळलं आणि ते दूध चुलीवर ठेवलं. दूध भराभर वर आलं. वर आलं तसं तिनं उतरवलं. गाईच्या दुधात हयात घालवलेली बाई आणखी काय करणार? लिंबू पिळून दूध फाडलं, फडक्यात बांधलं, तुकडे केले, भाजले. एक तुकडा तोंडात घातला, तर कच्च्या शेंगेसारखा उग्र वास आला. तिनं स्वतःच्या करणीला स्वतःच नाक मुरडलं.

दुसऱ्या खेपेला ती चुलीपाशी बसून राहिली आणि दुधाकडे नीट पाहत राहिली. तेव्हा कळलं, की हे दूध खोटं वर येतं. फेस वर येतो आणि खाली ते अजून कच्चंच असतं. तिनं फेस खाली बसवला, पळीनं ढवळत दूध खळाखळा उकळू दिलं. उग्र वास गेला. आता जमलं, असं म्हणून तिनं घाईनं तुकडे संत्र्याच्या रसात टाकले. पण फडक्यातलं पाणी नीट निथळलंच नव्हतं. तुकड्यांनी रस प्यायचा तो राहिला बाजूला, त्यांनीच आपलं पाणी रसात सोडलं. भट्टीतून परात बाहेर आली तेव्हा तिच्यात गढूळ आमटी होती आणि आमटीत लगदा पोहत होता. वर संत्र्याच्या बियांनी कडवटपणा आणला तो वेगळाच.

शेजारणी भिंतीवरून डोकावत होत्या. "पंचफुला, नैवेद्य करून राह्यली का लुगडी धुऊन राह्यली?" एकीनं विचारलं.

"धुतलेली तुलेच नेसवतो," पंचफुला म्हणाली आणि पुन्हा सोयाबीन भिजत घातलं.

या वेळी तिनं फडक्याच्या गाठोड्यावर पाटा ठेवला आणि पाणी ठिबकायचं थांबेपर्यंत हात लावला नाही. वडी घट्ट झाली. कापली तर कडा सरळ राहिल्या. गूळ, आलं, लसूण, लाल तिखट, मीठ आणि शेंगदाण्याचं तेल संत्र्याच्या रसात कालवून तिनं तुकडे त्यात मुरत ठेवले. मुरलेला तुकडा चाखला, तर जिभेवर आधी गोड आलं आणि मागून तिखट. तिला हसू आलं. पण भट्टीतून परात काढली तेव्हा गुळाचा कोळसा झाला होता. तुकडे वरून काळे आणि आतून थंड. तिनं पुन्हा केलं, पुन्हा जळलं. विस्तव कमी केला, तरी जळलं. जत्रेच्या आदल्या दिवशीची परातही काळीच निघाली. जळलेलं सगळं तिनं नेहमीप्रमाणे स्वतःच खाल्लं आणि त्या दिवशी तिला पहिल्यांदा रडू आलं. भट्टीवर तिचा जीव होता. थंड भट्टीकडे पाहत परगावी जाताना आपल्याला काय वाटेल, हे तिला आत्ताच वाटू लागलं होतं.

जत्रेचा दिवस उजाडला. परातभर तुकडे रसात मुरलेले होते, भट्टी पेटत होती आणि मातीचं घमेलं दाराशी येऊन बसलं होतं. तेवढ्यात तिचा धाकटा भाऊ सुदाम शेजारच्या गावाहून आला. बहिणीवर त्याची माया होती. तिची दैना त्याच्या कानावर गेली होती. त्यानं इकडंतिकडं पाहिलं आणि पिशवीतून ओल्या फडक्यात गुंडाळलेलं मोठं गाठोडं काढलं. ताजं, पांढरंशुभ्र, दुधाचं पनीर होतं ते.

"ताई, पांढरं ते पांढरं," तो हळूच म्हणाला. "कोनाले समजते?"

पंचफुलानं फडकं उघडलं. किती दिवसांनी तो दुधाचा वास आला.  हे पनीर तिच्या हाताच्या सवयीचं होतं. याचे ती रोट करू शकली असती, संत्र्यात मुरवू शकली असती, डोळे मिटून भाजू शकली असती. गावानं बोटं चाटली असती. भट्टी राहिली असती. सुदाम म्हणत होता ते खरंच होतं, कुणालाही समजलं नसतं. तिचा हात त्या गाठोड्यावर बराच वेळ राहिला, हे लपवण्यात अर्थ नाही.

मग तिनं फडकं पुन्हा बांधलं.

"मले समजते ना," ती म्हणाली. "जा, घेऊन जा हे."

"अन् भट्टी गेली तं?"

"गेली तं गेली. पन माह्या हातानं गावाची शपथ मोडनार नाई."

सुदाम चिडला. गाठोडं ओट्यावर आपटून तो बाहेर जाऊन बसला. गावातल्या कुत्र्यांनी शपथ घेतलेली नव्हती, त्यांनी थोड्याच वेळात ते गाठोडं सोडवून फस्त केलं.

पंचफुला भट्टीच्या तोंडाशी जाऊन उभी राहिली. आता दुसरा आधार उरला नव्हता, त्यामुळे डोकं एकदम थाऱ्यावर आलं. कुठं चुकतंय? तिनं भट्टीचा रोजचा क्रम मनात घोळवला. पाव तापत्या भट्टीत फुगतो. टोस्ट त्यामागून. नानकटाईत साखर असते, ती तापत्या भट्टीत करपते, म्हणून ती शेवटी, उतरत्या आचेत. मग गुळात मुरलेला हा पदार्थ आपण सगळ्यांच्या आधी का घालतोय? कारण तशी रीत होती. देवीचा नैवेद्य नेहमी ताज्या विस्तवावर, पहिल्यांदा आत जायचा. तिनं तालीम केली तीही तशीच केली. रोटांना ती कडक आच मानवायची, म्हणून हे आजवर कधी खुपलं नव्हतं. रोज नानकटाई भाजणारी बाई नैवेद्याच्या नावाखाली आपलंच शहाणपण विसरली होती.

तिनं परात बाजूला ठेवली आणि आधी पाव घातले.

महादबुवा भट्टी पाहायला आले, तेव्हा आत पाव फुगत होते. त्यांच्या भुवया वर गेल्या. "नैवेद्य कुठी हाये?"

पंचफुलानं परातीतला एक तुकडा उचलला, विस्तवात टाकला आणि हात जोडले. "देवीचा पहिला घास देवीले देल्ला, बुवा. बाकीचा तेवढा मले माह्या आचेवर भाजू द्या."

महादबुवांनी विस्तवाकडे पाहिलं, मग घमेल्याकडे पाहिलं. "पंगत उठल्यावर पाहू," एवढंच म्हणून ते गेले.

पाव निघाले, टोस्ट निघाले. पंचफुलानं भट्टीत चिमूटभर पीठ टाकून पाहिलं. ते लगेच करपलं. ती थांबली. बाहेर ढोल वाजू लागले, पंगतीच्या पत्रावळी मांडल्या जाऊ लागल्या, पोरं विचारून गेली, मोठी माणसं विचारून गेली. ती हलली नाही. पुन्हा पीठ टाकलं, पुन्हा करपलं. सुदामनं दारातून पाहिलं, न सांगता येऊन भट्टीतले निखारे मागं ओढले आणि पुन्हा बाहेर जाऊन बसला. शेवटी पीठ सावकाश बदामी झालं. तेव्हा कुठं परात आत गेली. तुकड्यांना रंग चढल्यावर तिनं परात अर्धी ओढली, बिया आणि वरची पातळ साल काढलेल्या संत्र्याच्या फोडी वर पसरल्या, तीळ भुरभुरले आणि परात थोडा वेळ परत आत सारली.

परात बाहेर आली ती तांबूस होऊन. रस आटून तुकड्यांना चिकटला होता. संत्र्याच्या फोडी शाबूत होत्या. वास असा सुटला की ढोलवाल्याचा ठेका चुकला.

देवीच्या पारापाशी, भट्टीसमोरच, पंगत बसली. पंचफुलानं प्रत्येकाच्या पत्रावळीवर स्वतः वाढलं. त्या दिवसाचा नैवेद्य पंगतीतच खायचा, घरी न्यायचा नाही, असाही एक नियम होता. कुणी काही बोललं नाही, कारण बोलायचं नसतंच. ती सगळ्यांचे हात पाहत होती. हात पत्रावळीवरून तोंडाकडे जात होते, पण मधेच कुणाचा कुठं गेला ते गर्दीत दिसत नव्हतं. परात रिकामी झाली. माणसं हात धुऊन परत आली आणि कडेनं उभी राहिली.

पंचफुला वाकली. पहिली पत्रावळ उचलली. खाली जमीन. दुसरी उचलली. खाली जमीन. एक ओळ संपली, दुसरी सुरू झाली. भिंतीवरून डोकावणाऱ्या शेजारणीच्या पत्रावळीखालीसुद्धा काही नव्हतं. पंचफुलाच्या चेहऱ्यावर हळूहळू ऊन येत होतं.

शेवटच्या ओळीच्या टोकाची पत्रावळ तिनं उचलली आणि तिचा हात तिथंच राहिला. खाली पळसाच्या पानात बांधलेली छोटीशी पुडी होती. तिनं ती उघडली. आत नैवेद्य होता. जवळजवळ जसा वाढला होता तसाच.

 कुणीतरी घमेलं उचलायला वाकलं.

गर्दीतून लहानूबाई पुढं आली. गोठ्यात राहिलेल्या गोवाऱ्याची ही बायको. तिची मान खाली होती.

"म्या ठेवला," ती म्हणाली. "एकच घास चाखला अन् पंगतीतून नेता येत नाई म्हनून बाकीचा झाकला. आमच्या घरचे वासराईजवळ हायेत. इतक्या दिवसांत त्याईनं धड खाल्लं नाई. हे त्याईनं खावं असं वाटलं." मग तिनं मान वर केली आणि पंचफुलाच्या डोळ्यांत पाहिलं. "पन आधी सगळ्याईसमोर सांग मले. याच्यात दुधाचा थेंब तं नाई? त्याईची शपथ माह्या हातानं मोडली, तं मी जन्मभर तोंड दाखवू शकनार नाई."

पंचफुलाच्या डोळ्यांसमोर ओट्यावरचं गाठोडं आलं. पारापाशी उभ्या असलेल्या सुदामनं मान खाली घातली.

"थेंबही नाई," पंचफुला म्हणाली. तिचा आवाज साऱ्या पंगतीला ऐकू गेला. "बिनघोर ने."

महादबुवा पुढं आले. त्यांनी पुडी दोन्ही हातांत घेतली. "नको असलेलं पानाखाली जाते, थे उष्टं," ते म्हणाले. "हे तं जिवापाड जपलेलं हाये. पन खानाऱ्यानं सांगितल्याबिगर मी काही बोलनार नाई."

ते गोठ्याकडे चालू लागले. मागून लहानूबाई, तिच्यामागं पंचफुला आणि तिच्यामागं सगळं गाव. गोवारी एका वासराला मांडीवर घेऊन बसला होता. त्यानं पुडी घेतली, एक तुकडा तोंडात टाकला, चावता चावता थांबला. मग बाकीचं सगळं, संत्र्याच्या शेवटच्या फोडीसकट, खाऊन टाकलं आणि पळसाचं पान बोटानं पुसून बोट चाटलं. गावाची रीत तो विसरलाच. त्यानं वर पाहून विचारलं, "अजून हाये का वं?"

लहानूबाईनं तोंडाला पदर लावला. पंचफुलानं रिकामी परात त्याच्यासमोर उलटी धरून दाखवली. परातीतून एक तीळ खाली पडला. तोही वासरानं चाटून घेतला.

परत आल्यावर महादबुवांनी मातीचं घमेलं मागवलं. माणसं बुचकळ्यात पडली. बुवा भट्टीपाशी गेले, बाही वर सारली आणि भट्टीच्या बाजूला पडलेल्या जुन्या भेगेत, जिच्यातून कितीतरी वर्षं आच वाया जात होती, त्यांनी ती माती आपल्या हातानं भरली. उरलेली माती सुदामनं लिंपली. पंचफुला बाजूला उभी राहून माती सारखी बसते की नाही ते पाहत होती, आणि दोघांनाही सुधारत होती.

तेव्हापासून त्या गावात पत्रावळीखाली पळसाच्या पानाची पुडी निघाली, तर तिला कुणी उष्टं म्हणत नाही. आणि देवीचा नैवेद्य पावांनंतर भट्टीत जातो.

तात्पर्य: हार समोर दिसत असताना कष्ट करणं अवघड असतं, पण जिंकून देणारी लबाडी हाताशी असताना ती परत पाठवणं त्याहून अवघड असतं. जो हे दुसरं करू शकतो, त्यालाच खरा निश्चयी म्हणावं; कारण आपण वाढलेल्या घासाबद्दल कुणीही, कधीही विचारलं तरी त्याला डोळ्याला डोळा भिडवून उत्तर देता येतं.